क्लाउडवर जायचं, पण पायऱ्या आधी कागदावर लिहून



सध्या जिथे चार समित्यांची माणसं बसतात तिथे एकच बोलणं चालतं. हिशेब कॉम्प्युटरवर घ्या, आणि कॉम्प्युटरवरचा हिशेब क्लाउडवर न्या. कोणी सॉफ्टवेअरवाला येतो, लॅपटॉप उघडतो, रंगीत चित्रं दाखवतो आणि म्हणतो, "तुम्ही काळजीच करू नका, सगळं आम्ही करून देतो." आम्हाला खटकतं ते हेच शेवटचं वाक्य.

आधी एक गोष्ट सोपी करून सांगतो. क्लाउड म्हणजे ढगात काही नसतं. दूर एखाद्या शहरात मोठ्या इमारतीत हजारो कॉम्प्युटर रात्रंदिवस चालू असतात. त्यातली थोडी जागा आपण भाड्याने घेतो आणि इंटरनेटवरून तिच्यापर्यंत पोहोचतो. समितीचं दप्तर आपल्या कपाटातून काढून त्या भाड्याच्या खोलीत ठेवायचं, एवढाच त्याचा अर्थ.

आम्ही याच्या विरोधात नाही. वाळवी, उंदीर, गळकं छप्पर आणि तापीचा पूर, या चौघांनी मिळून किती समित्यांची जुनी दप्तरं खाल्ली ते सगळ्यांना माहीत आहे. हार्ड डिस्क बसली की कॉम्प्युटरवरचंही जातंच. तेव्हा न्यायचं तर न्या. पण दप्तर हलवायच्या पायऱ्या समितीने स्वतः, मराठीत किंवा हिंदीत, आपल्याला वाचता येतील अशा लिहून काढाव्यात, आणि त्या लिहून होईपर्यंत एक पानही हलवू नये, असं आमचं स्पष्ट मत आहे.

हे आत्ताच का बोलतोय

कारण हा बदल आता दारात आलाय. केंद्र सरकारने २९ जून २०२२ रोजी प्राथमिक कृषी पतसंस्थांच्या संगणकीकरणाची योजना मंजूर केली. सुरुवातीला ६३,००० संस्था आणि २,५१६ कोटी रुपये असा तिचा आकार होता. सगळ्या संस्थांना एकच सॉफ्टवेअर, तेही क्लाउडवर चालणारं, आणि काम नाबार्डकडे. आपल्या मध्य प्रदेशातल्या संस्थाही त्यात आहेत. शेजारच्या गावातल्या शेती समितीत जाऊन विचारा. जुन्या वह्यांमधली बाकी नव्या पडद्यावर चढवताना काय काय घाम गाळला, ते तिथला माणूस सांगेल.

आपल्या धंद्यातही तेच सुरू झालंय. ११ सप्टेंबर २०२४ ला राष्ट्रीय मत्स्यपालन डिजिटल प्लॅटफॉर्म सुरू झाला. मासेमार, मत्स्यपालक, विक्रेते, सहकारी संस्था, सगळ्यांची नोंद त्यावर होते. समुद्रकिनाऱ्यावरच्या आपल्या भावांच्या नौकांची नोंदणी आणि परवाना तर रिअलक्राफ्ट नावाच्या पोर्टलवर ऑनलाइन झालेला आहे. शिवाय १५ फेब्रुवारी २०२३ च्या निर्णयाप्रमाणे देशात पाच वर्षांत दोन लाख नव्या बहुउद्देशीय कृषी, दुग्ध आणि मत्स्य सहकारी संस्था उभ्या करायच्या आहेत. म्हणजे उद्या आपल्यालाही दप्तर हलवावंच लागेल. घाईत, वरून पत्र आल्यावर हलवायचं, की आपल्या सवडीने, पायरी पायरीने, एवढंच आपल्या हातात आहे.

यात आपलं काय पणाला लागलंय

कोणी म्हणेल, कॉम्प्युटरची भानगड आहे, ती ऑफिसात बसणाऱ्याने बघावी. तसं नाही मंडळी. समितीचं दप्तर म्हणजे आपल्या घराचा कागद आहे.

मच्छीमारांसाठीच्या सामूहिक अपघात विम्यात मृत्यू किंवा कायमचं पूर्ण अपंगत्व आलं तर ५ लाख रुपये मिळतात, कायमच्या अंशतः अपंगत्वाला अडीच लाख, आणि अपघातात दवाखान्यात भरती झालं तर २५ हजार. हप्ता सरकार भरतं. पण घरचा माणूस गेल्यावर त्याची बायको कागद घेऊन जाते तेव्हा पहिला प्रश्न नावाचा येतो. आधारवर 'रामचंद्र', समितीच्या पंजीत 'रामू', आणि नव्या कॉम्प्युटरच्या यादीत टायपिंगच्या चुकीने 'रामचरण'. नवं नाव चढवताना कोणी तपासलं नाही, कोणी सही केली नाही. आता ती बाई कुणाच्या दारात जाईल?

बंद हंगामाच्या मदतीचंही तसंच. त्या योजनेत मासेमाराचे १,५०० आणि सरकारचे ३,००० मिळून ४,५०० रुपये होतात, आणि ते बंदीच्या, चूल मंद असण्याच्या महिन्यांत मिळतात. यादीतून एक ओळ गळाली की एका घराचे ते महिने गळाले.

मग काट्याची पावती आहे. कोणी किती किलो रोहू, कतला, मृगल घातला, त्यातून जाळ्याच्या आणि होडीच्या उचलीपोटी किती कापले, हातात किती आले. होडीमालकाची उचल १८ हजार बाकी असताना नव्या पडद्यावर ८१ हजार दिसली, आणि जुनी वही "आता लागत नाही" म्हणून रद्दीत गेली असेल, तर भांडण कशाच्या जोरावर करायचं?

कॉम्प्युटर स्वतः खोटं बोलत नाही, पण त्याच्यात खोटं चढलं तर तेही तो तितक्याच ठामपणे दाखवतो.

मोठ्या मोठ्यांचं काय झालं

आपण लहान माणसं आहोत म्हणून आपल्याकडून चुका होतात, असं कोणी समजू नये. हे काम भल्याभल्यांना जड गेलंय.

इंग्लंडमध्ये टीएसबी नावाची बँक आहे. एप्रिल २०१८ मध्ये तिने आपले सुमारे ५२ लाख ग्राहक जुन्या कॉम्प्युटर यंत्रणेवरून नव्या यंत्रणेवर नेले. जवळजवळ सगळं एकाच दमात, एकाच शनिवार-रविवारी. आकडे गेले, पण नवी यंत्रणा भार पेलेना. लाखो लोकांना स्वतःचंच खातं उघडेना. घडी नीट बसायला त्या वर्षाचा डिसेंबर उजाडला. पुढे डिसेंबर २०२२ मध्ये तिथल्या नियामकांनी बँकेला ४ कोटी ८६ लाख ५० हजार पौंडांचा दंड केला. पुरेशी चाचणी न करता आणि सगळं एकदम हलवल्याचा हा परिणाम, असं चौकशीत पुढे आलं.

दुसरं उदाहरण गिटलॅबचं. ही कंपनी जगभरच्या कॉम्प्युटरवाल्यांचं काम सांभाळते, म्हणजे या विद्येतली पंडित मंडळी. ३१ जानेवारी २०१७ ला त्यांच्या एका इंजिनिअरने रात्रीच्या धावपळीत चुकीच्या कॉम्प्युटरवर हुकूम चालवला आणि चालू माहिती पुसली गेली. मग प्रती शोधायला गेले, तर पाच वेगवेगळ्या मार्गांनी प्रती ठेवायची सोय असूनही वेळेला एकही धड चालली नाही. एक मार्ग तर कित्येक दिवस बंदच होता, आणि ते कोणाला कळलंही नव्हतं. सहा तासांपूर्वी कोणीतरी वेगळ्याच कामासाठी एक प्रत काढून ठेवली होती, तिने वाचवलं. सहा तासांचं काम मात्र गेलंच. त्या कंपनीचं एक कौतुक केलं पाहिजे. त्यांनी काय झालं ते पायरीवार लिहून सगळ्या जगासमोर ठेवलं.

तिसरं उदाहरण आपल्या देशातलं, आणि सहकारातलं. जुलै २०२४ च्या अखेरीला सी-एज या कंपनीच्या यंत्रणेवर खंडणीखोर व्हायरसचा हल्ला झाला. ही कंपनी अनेक लहान सहकारी आणि ग्रामीण बँकांना कॉम्प्युटर सेवा देते. खबरदारी म्हणून देशाच्या पेमेंट यंत्रणेने तिचा संबंध तोडला, आणि जवळपास ३०० लहान बँकांच्या ग्राहकांचं यूपीआय आणि इतर व्यवहार थांबले. दुसऱ्या दिवशी सेवा परत सुरू झाली. त्या बँकांनी स्वतः काहीच केलं नव्हतं. भाड्याच्या खोलीचा मुख्य दरवाजा बंद झाला, म्हणून आतले सगळे अडकले.

या तिन्हींमधून आपण काय घ्यायचं? सगळं एकदम हलवायचं नाही. प्रत ठेवली एवढ्यावर खूश न होता ती उघडून बघायची. आणि दरवाजा बंद झाला त्या दिवशी काट्यावर काय करायचं, ते आधीच लिहून ठेवायचं.

पायरी लिहायची कशी

आपल्याकडे लिहिलेलं म्हणजे ठरावाच्या भाषेत लिहिलेलं, अशी समजूत आहे. "सभासदांची माहिती क्लाउडवर टाकण्यात यावी." ही पायरी नाही, ही नुसती इच्छा झाली.

पायरी अशी असते:

"सभासदांची फाइल उघडा. शेवटच्या ओळीतला सभासद क्रमांक आणि कागदी पंजीतला शेवटचा क्रमांक एकच आहे का ते दोघांनी मिळून पाहा. मग एकूण भाग भांडवलाची बेरीज पंजीशी जुळवा. दोन्ही जुळलं तर तारीख घालून दोघांनी सही करा. जुळलं नाही तर इथेच थांबा, अध्यक्षांना फोन करा, पुढचं बटण दाबू नका."

फरक बघा. एका पायरीत एकच काम. ते कोणी करायचं ते लिहिलेलं. झालं हे कशावरून ओळखायचं ते लिहिलेलं. आणि नाही झालं तर काय, तेही लिहिलेलं. ही चार अंगं नसतील तर ती पायरी अर्धी समजा.

लिहून झालं की एक परीक्षा घ्या. ज्याने कधी हे काम केलं नाही अशा माणसाच्या हातात कागद द्या. बारावीला असलेली घरची पोरगी चालेल, नवीन आलेला मदतनीस चालेल. तोंडाने काही सांगू नका. ती जिथे अडेल तिथे चूक तिची नाही, कागदाची आहे. तिथली ओळ नव्याने लिहा.

आम्ही सुचवतो त्या पायऱ्या

प्रत्येक समितीचं दप्तर वेगळं, म्हणून हे जसंच्या तसं उतरवू नका. आपल्या घराप्रमाणे मोडा-जोडा. पण क्रम शक्यतो हाच ठेवा.

१. यादी करा. काय कुठे आहे? सभासद पंजी, रोकड वही, खतावणी, ठराव वही, पट्ट्याचे कागद, काट्याच्या पावत्या, मत्स्यबीजाची बिलं. जुन्या कॉम्प्युटरवर काय, पेनड्राइव्हवर काय, कोणाच्या मोबाइलमधल्या व्हॉट्सॲपवर काय. ही यादीच पुष्कळांचे डोळे उघडेल, कारण अर्धं दप्तर माणसांच्या खिशात निघतं.

२. मालकी समितीची करा. क्लाउडचं खातं, ईमेल, मोबाइल नंबर, सगळं समितीच्या नावावर हवं, आणि त्याचा ठराव हवा. खातं उघडताना येणारा कोड ज्या सिमवर येतो ते सिम सचिवांच्या खाजगी नावावर असेल, तर सचिव बदलले की कुलूप आपलं आणि किल्ली दुसऱ्याची. सिमचा रिचार्ज संपून नंबर बंद पडला आणि पुढे तो दुसऱ्या कोणाला मिळाला, तर आणखी वाईट. रिचार्जची तारीखही पायऱ्यांत लिहा.

३. कागद असेल तसा जपा. हलवण्याआधी प्रत्येक वहीच्या प्रत्येक पानाचा मोबाइलने फोटो घ्या. एक फोटो ३ एमबीचा धरला, तर गुगलच्या फुकटच्या १५ जीबी जागेत पाच हजार पानं मावतात. बऱ्याच समित्यांचं सगळं दप्तर तेवढ्यात बसेल. मात्र फुकटचं खातं दोन वर्षं कोणी उघडलंच नाही तर गुगल ते पुसू शकतं, म्हणून अधूनमधून उघडायचं कामही कोणाच्या तरी नावावर लिहा.

४. नावं साफ करा. दुबार नावं, वारलेले सभासद, बदललेले वारसदार, आधारशी न जुळणारी नावं. हे काम ऑफिसात बसून होत नाही. आमसभेत यादीचं जाहीर वाचन करा. आपल्या बायकांना मुद्दाम बोलवा. वारसदार म्हणून पुढे त्याच येणार आहेत, आणि कोणाच्या घरात कोण आहे हे त्यांनाच नीट माहीत असतं.

५. दोन प्रती काढा, दोन वेगळ्या जागी ठेवा. एकाच कपाटातल्या दोन प्रती म्हणजे एकच प्रत. मार्च २०२१ मध्ये फ्रान्समधल्या स्ट्रासबुर्ग शहरात ओव्हीएच कंपनीचं अख्खं डेटा सेंटर जळालं. ज्यांची मूळ माहिती आणि प्रत दोन्ही तिथेच होतं, त्यांचं दोन्ही गेलं. म्हणून एक प्रत क्लाउडवर असली तरी एक आपल्या गावात असू द्या.

६. आधी दहा माणसांचं करून बघा. दहा सभासदांची खाती नव्या जागी चढवा. त्यात एक मोठी उचल असलेला होडीमालक असू द्या, एक वारसदार बाई असू द्या, एक त्याच वर्षी आलेला सभासद असू द्या. आठवडाभर चालवा. अडचणी वहीत लिहा, पायऱ्या सुधारा, मगच पुढे जा.

७. दिवस बंद हंगामातला धरा. आपल्याकडे १६ जून ते १५ ऑगस्ट नदीत मासेमारी बंद असते. काटा थांबलेला, पावत्या थांबलेल्या. ३१ मार्चचा हिशेब मिटवून, १ एप्रिलच्या बाक्या पक्क्या करून, या दोन महिन्यांत दप्तर हलवावं. पश्चिम किनाऱ्यावर यांत्रिक नौकांना बंदी १ जून ते ३१ जुलै, तिथल्या मंडळींनी तो काळ धरावा. जाळी आपण याच दिवसांत दुरुस्त करतो ना? दप्तराचंही तेव्हाच करायचं. ऐन हंगामात, काट्यावर रांग लागलेली असताना, कोणी "आजच करू" म्हणाला तर त्याला चहा पाजून परत पाठवा.

८. बेरजा जुळवा. सभासद किती, भाग भांडवल किती, एकूण उचल बाकी किती, रोकड आणि बँक शिल्लक किती. हे चार आकडे कागदावर आणि पडद्यावर एकच आले पाहिजेत. एका रुपयाचा फरक असला तरी सही नाही.

९. दोन्ही सोबत चालवा. १६ ऑगस्टनंतर निदान दोन महिने कागदी वही आणि क्लाउड दोन्ही लिहा. दर शनिवारी जुळवा. त्रास आहे, मान्य. पण चूक आपल्याला आठवड्यात सापडेल, वर्षाने ऑडिटरला नाही.

१०. परतीची वाट लिहा. काही बिघडलं तर कोणत्या क्षणी "परत जुन्यावर" असं म्हणायचं, ते कोण म्हणणार, आणि परत जायचं कसं. ही पायरी सगळे विसरतात, कारण बिघडेल असं आधी कोणालाच वाटत नसतं.

११. नेट नसेल त्या दिवसाची पायरी लिहा. धूळकोट, खकनारकडच्या मंडळींना नेटवर्कबद्दल आम्ही काय सांगावं. लाइट गेली, नेट गेलं, की छापील पावती पुस्तक काढायचं, दोन प्रतींत लिहायचं, आणि नेट आल्यावर कोणी आणि किती तासांत चढवायचं, ते ठरलेलं असू द्या. मासा नेटवर्कसाठी थांबत नाही.

१२. नंतरचं लिहा. पासवर्ड कोणाकोणाकडे? निवडणुकीत मंडळ बदललं की जुन्यांचा प्रवेश कोणी आणि किती दिवसांत बंद करायचा? भाडं कधी भरायचं? आणि दर तीन महिन्यांनी जपलेली प्रत खरंच उघडते का, ते कोणी बघायचं? गिटलॅबवाल्यांचं उदाहरण वर दिलंच आहे.

सॉफ्टवेअरवाल्याशी बोलताना

तो चांगला माणूस असेलच. पण तीन गोष्टी करारात लिहून घ्या. आमची माहिती आम्ही मागू तेव्हा एक्सेलसारख्या साध्या फाइलमध्ये परत मिळेल. करार संपला की तुमच्याकडची प्रत पुसाल आणि तसं लिहून द्याल. आणि हलवताना तुम्ही जे जे कराल त्याच्या पायऱ्या आमच्या भाषेत लिहून समितीला द्याल. जो तिसरी गोष्ट टाळतो, त्याला आपण कायम त्याच्यावर अवलंबून राहावं असंच वाटत असावं.

आणखी एक. सभासदांचे आधार नंबर, बँक खाती, फोन नंबर ही समितीकडे ठेवलेली अमानत आहे. २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायद्याप्रमाणे माहिती सांभाळायचं काम दुसऱ्याला दिलं, तरी जबाबदारी माहिती गोळा करणाऱ्यावरच राहते. "सॉफ्टवेअरवाल्याकडून फुटली" असं म्हणून समितीला हात झटकता येणार नाहीत.

लोक काय म्हणतात, आणि आमचं उत्तर

"आमची समिती लहान, चाळीस-पन्नास माणसं. एवढा पसारा कशाला?" लहान समितीत सगळं एकाच माणसाच्या डोक्यात असतं, म्हणून तिथेच लिहिण्याची गरज जास्त. तो माणूस आजारी पडला, सुरतेला कामाला गेला, रुसला, तर समिती मुकी होते. पन्नास माणसांच्या समितीच्या पायऱ्या चार-पाच पानांत मावतात.

"पोराला सगळं येतं, तोच करतो." पोर हुशार आहे, त्याचं कौतुकच आहे. त्यालाच लिहायला बसवा, आणि त्या कामाचा वेगळा मोबदला द्या. लिहिणं हेही काम आहे. फुकटात सांगितलं की ते उद्यावर जातं.

"मग कागदच बरा, क्लाउड नकोच." वर्तमानपत्राच्या कागदाचा देशातला पहिला कारखाना आपल्याच जिल्ह्यात, नेपानगरला. कागदाला नावं ठेवणारे आम्ही कोण! पण कागदाची एकच प्रत असते, आणि पावसाळा दरवर्षी येतो. आम्ही कागद सोडा म्हणत नाही, कागदाच्या जोडीला दुसरी जागा करा म्हणतो.

"तोवर वरून आदेश आला तर?" मग तर लिहिलेलं जास्तच कामाला येईल. सरकारी पोर्टल असो की खाजगी सॉफ्टवेअर, यादी, नावं, बेरजा आणि प्रती ही पहिली अर्धी पायपीट दोन्हीकडे सारखीच आहे. ती झालेली समिती पुढे जाईल, बाकीच्या ऑपरेटरच्या दारात रांगेत उभ्या राहतील.

आपण बुऱ्हाणपूरची माणसं. कुंडी भंडारा आपल्याला कोणी समजावून सांगायला नको. १६१५ च्या सुमाराला, अब्दुल रहीम खानखाना यांच्या काळात, सातपुड्याच्या पायथ्याचं पाणी जमिनीखालून उताराने शहरापर्यंत आणलं. चारशे वर्षं झाली. पण नुसता बोगदा खणून ते काम टिकलं नसतं. वर ओळीने कुंड्या ठेवल्या आहेत. त्यातून हवा जाते, खाली उतरता येतं, पाणी कुठे अडलं ते बघता येतं, गाळ काढता येतो. बांधणारे गेले, तरी मागून आलेल्यांना वाट सापडली.

लिहिलेल्या पायऱ्यांचं काम तेच आहे. आज दप्तर हलवणारी माणसं उद्या समितीत नसतील. पण कुठे काय ठेवलं, का ठेवलं, अडलं तर कुठून उतरून बघायचं, हे नंतर येणाऱ्या पोरापोरींना कळलं पाहिजे. नाहीतर ते पुन्हा कोणा लॅपटॉपवाल्याच्या तोंडाकडे बघत बसतील, आणि आपलंच दप्तर आपल्याला दाखवायचे पैसे मोजतील.

म्हणून पुढच्या मासिक बैठकीत एकच विषय ठेवा: दप्तराची यादी. क्लाउड नंतर, सॉफ्टवेअर नंतर, कोटेशन नंतर. एक वही घ्या, दोन माणसं नेमा, एक जुना जाणता आणि एक तरुण, आणि पहिली पायरी लिहायला लावा. बंद हंगाम येईपर्यंत बाकीच्या पायऱ्या लिहून होतील.

तुमच्या समितीने अशा पायऱ्या लिहिल्या असतील तर त्या शेजारच्या समितीलाही दाखवा. भोई असो, ढीमर असो, केवट असो की माझी, सगळ्यांचं दप्तर सारखंच भिजतं.

जय सहकार.